वयाची अट आणि कोर्टाची तारीख

एमडी किंवा एमएसला बसायला वयाची कमाल मर्यादा नाही. एमबीबीएस झालेलं असावं, नोंदणी असावी, इंटर्नशिप ठरलेल्या तारखेआधी संपावी. नीट-पीजीचा अर्ज भरताना पन्नाशीतला डॉक्टर आणि पंचविशीतला डॉक्टर एकाच रांगेत उभे असतात. तरीही वैद्यकीय प्रवेशात वयाचे वाद कोर्टापर्यंत जातात, कारण पुढच्या दारावरून काढलेली अट बाजूच्या दाराने आत येते.

मुळात घटनेत वयाला फारसं संरक्षण नाही. पंधराव्या कलमात धर्म, वंश, जात, लिंग आणि जन्मस्थान आहे, वय नाही. त्यामुळे चौदाव्या कलमाचा आधार घेऊन एवढंच विचारता येतं, की तुम्ही आखलेल्या रेषेचा तुमच्या हेतूशी काही संबंध आहे का? बार कौन्सिलला याचं उत्तर देता आलं नव्हतं. पंचेचाळिशीनंतर वकिलीची सनद द्यायची नाही, हा तिचा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली मनमानी आणि अधिकाराबाहेरचा ठरवून रद्द केला.

एमबीबीएसची गोष्ट अधिक वळणांची. २०१८ मध्ये नीटसाठी खुल्या गटाला २५ आणि राखीव गटाला ३० वर्षांची मर्यादा आली. दिल्ली उच्च न्यायालयाने ११ मे रोजी ती उचलून धरली. २९ नोव्हेंबरला सर्वोच्च न्यायालयाने अंतरिम आदेश देऊन पंचविशी ओलांडलेल्यांनाही परीक्षेला बसू दिलं. त्याच फटीतून २०२० मध्ये ओडिशातले ६४ वर्षांचे एक निवृत्त बँक कर्मचारी एमबीबीएसला दाखल झाले. मर्यादा कायमची गेली ती मात्र कोर्टाच्या निकालाने नव्हे. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने ऑक्टोबर २०२१ मध्ये ती काढायचं ठरवलं आणि मार्च २०२२ मध्ये जाहीर केलं.

पीजीतलं बाजूचं दार म्हणजे सेवांतर्गत कोटा. सरकारी वैद्यकीय अधिकाऱ्यांसाठी जागा राखण्याचा राज्यांचा अधिकार घटनापीठाने ऑगस्ट २०२० मध्ये मान्य केला आणि शिकून आल्यावर ग्रामीण, आदिवासी, डोंगराळ भागात किमान पाच वर्षं सेवा बंधपत्राद्वारे घ्यावी, असंही सांगितलं. महाराष्ट्राने २० टक्के कोट्याचा शासन निर्णय काढला २६ सप्टेंबर २०२२ रोजी, प्रवेशप्रक्रिया सुरू झाल्यावर. त्या वर्षापुरता तो सर्वोच्च न्यायालयाने लागू होऊ दिला नाही. काही राज्यांच्या अशा नियमांत वयाचीही अट असते. तिचं समर्थन एकच: शिकवलेला डॉक्टर लगेच निवृत्त होऊ नये. हेतू रास्त आहे. पण हिशेब करून बघा. साठीला निवृत्ती धरली, त्यातून शिक्षणाची तीन आणि बंधपत्राची पाच वर्षं वजा केली, तर बावन्न उरतात. त्याहून बरीच खाली रेषा आखणाऱ्या सरकारला, बंधपत्र हातात असताना ती कशाला हवी, हे सांगता आलं पाहिजे. माझ्या मते ते सांगणं अवघड आहे.

अर्जदाराची बाजू कितीही बळकट असली तरी वेळ तिच्या विरोधात असते. हे आरे कॉलनीतल्या पाड्यांना वेगळं सांगायला नको. ४ ऑक्टोबर २०१९ च्या शुक्रवारी मुंबई उच्च न्यायालयाने झाडांबाबतच्या याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री मेट्रो कारशेडच्या जागेवर करवती चालू झाल्या. सोमवारी सर्वोच्च न्यायालयाने तोड थांबवली, तोवर २,१४१ झाडं पडली होती. प्रवेशातही फेरी संपली की जागा दुसऱ्याची होते. त्यात वयाच्या खटल्याचा आणखी एक जाच आहे. खटला रेंगाळतो तसं अर्जदाराचं वय वाढत जातं.

मुंबईने हे सुमारे एकशेचाळीस वर्षांपूर्वीच पाहिलं असतं. रखमाबाईंनी नांदायला यावं म्हणून नवऱ्याने त्यांच्यावर १८८४ मध्ये दावा लावला. हायकोर्टात चार वर्षं गेली. मध्ये नांदायला जा नाहीतर तुरुंगात जा, असा हुकूमही झाला. १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाल्यावर पुढच्या वर्षी त्या लंडनला वैद्यकीय शिक्षणासाठी गेल्या. तेव्हा त्या चोविशीत होत्या. तडजोड आणखी वर्षभर लांबली असती आणि २०१८ चा खुल्या गटाचा नियम तिथे असता, तर फॉर्मच भरता आला नसता.

उशिरा मिळालेल्या न्यायाची भरपाई कशी करायची, याचं एक उत्तर डिसेंबर २०२० मध्ये मिळालं. तेलंगणात एका विद्यार्थिनीला पीजीची हक्काची जागा नाकारली गेली होती. सर्वोच्च न्यायालयाने तिला पुढच्या वर्षीची जागा आणि दहा लाख रुपये द्यायला लावले. वयाच्या वादात हा तोडगा लागू पडेलच असं नाही, कारण पुढच्या वर्षी अर्जदार मर्यादेच्या आणखी पलीकडे गेलेला असतो. म्हणून गुणवत्ता यादीची वाट न पाहता, माहितीपुस्तिका निघताच याचिका करावी, निकालाच्या अधीन राहून हंगामी प्रवेश मागावा, आणि वय कोणत्या तारखेला मोजलं जाणार आहे ते पहिल्याच परिच्छेदात लिहावं.