भिंत भेदणारा केनी वॉशिंग्टन

अमेरिकी क्रीडाक्षेत्रातील वर्णभेदाचा विषय निघाला की बेसबॉलपटू जॅकी रॉबिन्सनचे नाव हमखास घेतले जाते. १५ एप्रिल १९४७ रोजी तो ब्रुकलिन डॉजर्सकडून मैदानात उतरला. मात्र त्याच्या वर्षभर आधीच त्याच्या महाविद्यालयीन संघातील एका सहकाऱ्याने अमेरिकन फुटबॉलमधील हीच भिंत ओलांडली होती. त्याचे नाव केनी वॉशिंग्टन.

हा फुटबॉल आपल्या परिचयाचा नव्हे. लंबगोल चेंडू हातात घेऊन, प्रतिस्पर्ध्यांची धडक चुकवत पुढे सरकण्याचा हा खेळ. यश मोजायचे ते कापलेल्या यार्डांत. १९१८ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये जन्मलेला केनी त्यात निष्णात होता. १९३९ च्या मोसमात यूसीएलए विद्यापीठाच्या संघातून तो, रॉबिन्सन आणि वूडी स्ट्रोड एकत्र खेळले. तो संघ अपराजित राहिला आणि धाव व फेक मिळून सर्वाधिक यार्ड कमावणारा देशातील महाविद्यालयीन खेळाडू ठरला केनी.

तरीही व्यावसायिक संघांचे दरवाजे त्याच्यासाठी बंदच होते. एनएफएल या प्रमुख लीगमध्ये १९३३ पर्यंत काही कृष्णवर्णीय खेळाडू होते. १९३४ ते १९४५ या काळात मात्र एकही नव्हता. तसा लेखी नियम कोठेही नव्हता. संघमालकांमधील मूक समझोता पुरेसा होता. शिकागो बेअर्सचे जॉर्ज हालास यांना १९४० मध्ये केनीला संघात घ्यायचे होते, पण अन्य मालकांपुढे त्यांचे काही चालले नाही. परिणामी केनीच्या उमेदीची वर्षे हॉलिवूड बेअर्ससारख्या प्रादेशिक संघात खर्ची पडली आणि दुखापतींनी गुडघे निकामी होत गेले.

ही कोंडी फुटली ती मालकांना उपरती झाली म्हणून नव्हे. १९४६ मध्ये रॅम्स हा संघ क्लीव्हलँडहून लॉस एंजेलिसला आला. त्याला खेळण्यासाठी कोलिझियम हे भव्य स्टेडियम हवे होते आणि ते सार्वजनिक मालकीचे होते. हॅली हार्डिंग या कृष्णवर्णीय पत्रकाराने स्टेडियमच्या नियामक मंडळासमोर रोखठोक मुद्दा मांडला : करदात्यांच्या पैशांतून उभे राहिलेले मैदान भेदभाव करणाऱ्या संघाला कसे देता येईल? या दबावापुढे रॅम्सला नमावे लागले. २१ मार्च १९४६ रोजी केनीशी करार झाला. पाठोपाठ स्ट्रोडलाही संघात घेण्यात आले. त्याच वर्षी एएएफसी या प्रतिस्पर्धी लीगमध्ये क्लीव्हलँड ब्राऊन्सने मॅरियन मोटली आणि बिल विलिस यांना संधी दिली.

तेव्हा केनी २७ वर्षांचा होता आणि त्याच्या गुडघ्यांवर शस्त्रक्रिया झाल्या होत्या. तरीही १९४७ मध्ये दर धावेमागे सरासरी ७.४ यार्ड मिळवत तो लीगमध्ये अव्वल ठरला. त्याच वर्षी शिकागो कार्डिनल्सविरुद्धची त्याची ९२ यार्डांची धाव रॅम्सच्या इतिहासात विक्रम म्हणून नोंदली गेली. अवघ्या तीन मोसमांनंतर, १९४८ अखेर तो निवृत्त झाला. लॉस एंजेलिसच्या पोलिस दलातही त्याने नोकरी केली. १९७१ मध्ये वयाच्या ५२ व्या वर्षी त्याचे निधन झाले.

लीगमधील अखेरचा बुरूज ढासळण्यास मात्र १९६२ साल उजाडावे लागले. राजधानीतील वॉशिंग्टन रेडस्किन्सचे मालक जॉर्ज प्रेस्टन मार्शल तोवर अडून बसले होते. त्यांच्या संघाचे नवे स्टेडियम संघराज्य सरकारच्या जमिनीवर होते. सरकारने त्यावरूनच दम भरला, तेव्हा कोठे ते वाकले. कोलिझियममध्ये लागू पडलेलाच हा उपाय होता.

केनी, स्ट्रोड, मोटली आणि विलिस या चौघांचा व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेमने २०२२ मध्ये राल्फ हे पायोनियर पुरस्काराने गौरव केला. तोवर चौघांपैकी कोणीही हयात नव्हते. उशिरा का होईना, न्याय झाला असे म्हणता येईल. परंतु १९४० ते १९४५ ही केनीच्या ऐन भरातील वर्षे कोणताही पुरस्कार परत देऊ शकत नाही. रॉबिन्सनला इतिहासाने वेळेवर गाठले. केनीपर्यंत तो पोहोचला तेव्हा त्याचे पाय थकले होते.