सूर ऐकून रंग ठरवणारा नेपथ्यकार

नाटकाचे नेपथ्य करणाऱ्याला संहिता हाती आली की कामाला लागता येते. ऑपेराचे तसे नाही. तिथे पात्रे बोलत नाहीत, गातात, आणि रंगमंचापुढच्या खोलगट जागेत बसलेला वाद्यवृंद दोन-तीन तास वाजत असतो. तेव्हा ऑपेराच्या नेपथ्यकाराला नजरेइतकाच कानही तयार लागतो. इंग्लंडचे नामवंत चित्रकार डेव्हिड हॉकनी या क्षेत्रात आले, गाजले आणि नेमके त्याच काळात त्यांचे कान त्यांना दगा देऊ लागले.

हॉकनी यांचा जन्म १९३७ चा, ब्रॅडफर्ड या लोकरीच्या गिरण्यांच्या गावातला. कॅलिफोर्नियातल्या पोहण्याच्या तलावांच्या चित्रांमुळे साठच्या दशकात त्यांचे नाव झाले. ऑपेराकडे मात्र ते वळले चाळिशीच्या उंबरठ्यावर. ससेक्स परगण्यात ग्लाइंडबोर्न येथे एका जुन्या वाड्याच्या आवारात दर उन्हाळ्यात ऑपेरा महोत्सव भरतो. तिथले दिग्दर्शक जॉन कॉक्स यांनी त्यांच्याकडे स्ट्राव्हिन्स्कीच्या ‘द रेक्स प्रोग्रेस’चे नेपथ्य आणि वेशभूषा सोपवली.

वडिलोपार्जित पैसा उधळून शेवटी वेड्यांच्या इस्पितळात पोचणाऱ्या तरुणाची ही कथा मूळची अठराव्या शतकातल्या हॉगार्थ या चित्रकाराची. हॉगार्थच्या छापील चित्रांत सावली दाखवायला उभ्या-आडव्या रेघांची जाळी असते. हॉकनींनी ती जाळीच मोठी केली आणि भिंतींवर, छतावर, खुर्च्या-टेबलांवर, इतकेच काय, पात्रांच्या कोटांवर आणि झग्यांवरही ओढली! रंगही छापखान्यातल्या शाईचे, म्हणजे लाल, निळा, हिरवा आणि काळा. १९७५ साली पडदा उघडला तेव्हा जणू पुस्तकातले चित्रच उठून गाऊ लागले.

तीन वर्षांनी तिथेच त्यांनी मोझार्टचा ‘द मॅजिक फ्लूट’ केला. या जादूच्या कथेत स्थळे भराभर बदलतात. त्यासाठी हॉकनींनी यंत्रांच्या करामती न करता रंगवलेले पडदे एकामागून एक सोडले. आपल्या संगीत नाटकांचे महाल आणि बागांचे पडदे ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना ही युक्ती ओळखीची वाटेल.

१९७९ च्या सुमारास ऐकू कमी येत असल्याचे त्यांच्या ध्यानात आले. वडिलांनाही हाच त्रास होता, त्यामुळे पुढे काय वाढून ठेवले आहे, हे वेगळे सांगायला नको होते. चष्म्याचे कुणाला काही वाटत नाही, कानातले यंत्र मात्र माणसे लपवतात. हॉकनींनी आपली यंत्रे चक्क रंगवली, एक लाल आणि एक निळे.

काम थांबले नाही, उलट वाढले. १९८१ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरासाठी त्यांनी तीन-तीन लघुकृतींचे दोन कार्यक्रम सजवले. त्यात राव्हेलची एका द्वाड मुलाची गोष्ट होती. घरातल्या खुर्च्या, घड्याळ आणि बागेतली झाडे त्या मुलाला जाब विचारतात. त्यातल्या झाडाचे संगीत ऐकता ऐकताच झाडाचा आकार आणि भार आपोआप कागदावर उतरला, असे हॉकनी सांगत. सूर ऐकले की त्यांना रंग दिसत.

त्यांची कामाची पद्धतही तशीच होती. स्टुडिओत रंगमंचाची छोटी प्रतिकृती उभारायची, तिला दिवे जोडायचे आणि ध्वनिफीत लावून सुरांबरोबर उजेड बदलत न्यायचा. १९८७ साली लॉस एंजेलिसमध्ये झालेल्या वाग्नरच्या ‘ट्रिस्टान अँड इझोल्डे’त त्यांनी रंगांइतकेच काम प्रकाशाकडून करून घेतले. पुढे मित्रांना मोटारीत बसवून ते डोंगरातल्या रस्त्याने नेत. मोटारीत वाग्नर मोठ्या आवाजात चालू असे, आणि वळणे अशी साधलेली असत की संगीत शिगेला पोचताना समोर सूर्य मावळावा.

१९९२ मध्ये शिकागोत ‘टुरांडॉट’ आणि लंडनमध्ये श्ट्राउसचा ‘डी फ्राउ ओने शाटेन’ अशी दोन मोठी नेपथ्ये त्यांनी केली. दोन्हींची वेशभूषा त्यांनी इयन फाल्कनर या तरुण सहकाऱ्यावर सोपवली. त्यानंतर नवा ऑपेरा त्यांनी घेतला नाही. संगीत नीट ऐकू येत नसेल तर त्याला रंग द्यायचा तरी कसा, हा साधा प्रश्न होता. वय अवघे पंचावन्न. त्यांच्या हातात कुंचला होता आणि चित्रे होतच राहिली.

त्यांची जुनी नेपथ्ये मात्र गोदामात पडून राहिली नाहीत. ग्लाइंडबोर्नने २०२३ मध्ये ‘द रेक्स प्रोग्रेस’ पुन्हा रंगमंचावर आणला. गायक नवे होते, पण भिंतींवर आणि झग्यांवर रेघा १९७५ च्याच होत्या.