व्हिडिओ गेमच्या फायलींचे व्यवस्थापन

व्हिडिओ गेमच्या फायलींचे व्यवस्थापन म्हणजे संगणकावर बसवलेल्या खेळाच्या फायली कोठे साठवल्या आहेत हे शोधणे, त्यांनी व्यापलेली जागा मोजणे, त्या एका डिस्कवरून दुसऱ्या डिस्कवर हलवणे, बिघडलेल्या फायली दुरुस्त करणे, महत्त्वाच्या फायलींच्या प्रती राखणे आणि अनावश्यक फायली काढून टाकणे होय. आधुनिक संगणकावर एकाच खेळाच्या फायली सहसा तीन-चार निरनिराळ्या ठिकाणी विखुरलेल्या असतात. मूळ खेळ पुन्हा डाउनलोड करता येतो. खेळाडूची प्रगती ज्या लहानशा फायलींत नोंदवलेली असते त्या मात्र प्रत नसताना पुसल्या गेल्यास परत मिळणे अवघड असते. त्यामुळे कोणती फाइल कोणत्या प्रकारची आहे हे ओळखणे हा या व्यवस्थापनाचा गाभा मानला जातो.

या लेखात फोल्डरांची व फायलींची नावे उच्चारानुसार देवनागरीत दिली आहेत. संगणकाच्या पडद्यावर ती रोमन लिपीत दिसतात.

फायलींचे प्रकार

खेळाच्या फायलींचे ढोबळमानाने चार प्रकार करता येतात.

१. मूळ फायली: खेळ चालवणारा प्रोग्राम आणि त्याला लागणारी चित्रे, ध्वनी, त्रिमितीय आकृत्या व चित्रफिती. खेळाने व्यापलेल्या जागेचा बहुतांश भाग याच फायलींचा असतो. त्या सर्व खेळाडूंकडे सारख्याच असल्यामुळे हरवल्यास पुन्हा मिळवता येतात.

२. जतन-फायली: या सेव्ह फायली म्हणून ओळखल्या जातात. खेळाडू कोणत्या टप्प्यावर पोहोचला, त्याने काय मिळवले याची नोंद त्यांत असते. आकाराने त्या बहुधा अगदी लहान असतात, पण प्रत्येक खेळाडूच्या वेगळ्या असतात.

३. मांडणी-फायली: पडद्याचा आकार, आवाजाची पातळी, कळफलकावरील कळांची योजना इत्यादी पसंती यांत नोंदवलेल्या असतात.

४. तात्पुरत्या फायली: अर्धवट डाउनलोड, त्रुटींच्या नोंदी आणि शेडर कॅशे यांचा यात समावेश होतो. शेडर कॅशे म्हणजे ग्राफिक्स कार्डासाठी आधीच तयार करून ठेवलेल्या लहान प्रोग्रामांचा साठा. तो पुसल्यास खेळ तो पुन्हा तयार करतो. फक्त सुरुवातीला खेळ काही काळ अडखळत चालतो.

इतिहास

एमएस-डॉस प्रणालीच्या काळात खेळाच्या सर्व फायली सहसा एकाच डिरेक्टरीत असत. फाइलच्या नावाला आठ अक्षरांची आणि विस्ताराला तीन अक्षरांची मर्यादा होती. ती डिरेक्टरी फ्लॉपीवर उतरवली की खेळ आणि प्रगती दोन्ही बरोबर नेता येत. १९९५ साली आलेल्या विंडोज ९५ने लांब नावांची सोय केली आणि रजिस्ट्री या मध्यवर्ती नोंदवहीचा वापर रूढ केला; त्यामुळे खेळाची काही माहिती त्याच्या फोल्डराबाहेर जाऊ लागली.

२००७ साली सर्वसामान्य ग्राहकांसाठी उपलब्ध झालेल्या विंडोज व्हिस्टामध्ये ‘प्रोग्राम फाइल्स’ या फोल्डरात लिहिण्यावर कडक निर्बंध आले. जुने खेळ आपली प्रगती तेथेच लिहू पाहत. ते बंद पडू नयेत म्हणून विंडोज अशा फायली वापरकर्त्याच्या खात्यातील ‘ॲपडेटा\लोकल\व्हर्च्युअलस्टोअर’ येथे परस्पर वळवते. जुन्या खेळाच्या जतन-फायली खेळाच्या फोल्डरात सापडत नाहीत, याचे हे एक नेहमीचे कारण आहे.

सप्टेंबर २००३ मध्ये व्हॉल्व्ह कंपनीची स्टीम ही सेवा सुरू झाली. पुढे डिस्कऐवजी इंटरनेटवरून खेळ विकत घेण्याची पद्धत रुळली आणि फायली कोठे ठेवायच्या हे बऱ्याच अंशी वितरण-सेवाच ठरवू लागल्या.

विंडोजमधील स्थाने

स्टीमवरील खेळांच्या मूळ फायली सहसा ‘सी:\प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)\स्टीम\स्टीमॲप्स\कॉमन’ येथे असतात. ‘स्टीमॲप्स’मध्ये प्रत्येक खेळासाठी ‘ॲपमॅनिफेस्ट’ने सुरू होणारी एक लहान नोंद-फाइल असते. खेळ बसवलेला आहे हे स्टीमला या नोंदीवरून कळते. एपिक गेम्सचे खेळ ‘प्रोग्राम फाइल्स\एपिक गेम्स’ येथे, तर एक्सबॉक्स ॲपमधून घेतलेले अनेक खेळ ‘सी:\एक्सबॉक्सगेम्स’ येथे बसतात. ही सर्व स्थाने वापरकर्त्याला बदलता येतात. स्टीममध्ये खेळाच्या नावावर उजवी कळ दाबून स्थानिक फायली पाहण्याचा पर्याय निवडल्यास नेमके फोल्डर उघडते. हा सर्वांत खात्रीचा मार्ग होय.

जतन-फायलींसाठी मात्र एकच ठरलेली जागा नाही. ‘डॉक्युमेंट्स’, ‘डॉक्युमेंट्स\माय गेम्स’, ‘सेव्ह्ड गेम्स’ आणि ‘ॲपडेटा’ ही नेहमीची ठिकाणे आहेत. ‘ॲपडेटा’ हे फोल्डर विंडोज लपवून ठेवते. ते पाहण्यासाठी फाइल एक्सप्लोररमध्ये लपवलेले घटक दाखवण्याचा पर्याय निवडावा लागतो. त्यात ‘रोमिंग’, ‘लोकल’ आणि ‘लोकललो’ असे तीन विभाग असतात. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीतील जगे ‘रोमिंग’मधील ‘.माइनक्राफ्ट\सेव्ह्ज’ येथे असतात. युनिटी इंजिनवर बनवलेले अनेक खेळ ‘लोकललो’मध्ये निर्मात्या कंपनीच्या नावाचे फोल्डर करतात, तर अनरियल इंजिनवरील खेळ बहुधा ‘लोकल’मध्ये खेळाच्या नावाखाली ‘सेव्ह्ड\सेव्हगेम्स’ असे फोल्डर करतात.

उदाहरणार्थ, पुण्यातील नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेचा ‘राजी: ॲन एन्शंट एपिक’ हा खेळ २०२० साली प्रसिद्ध झाला. तो अनरियल इंजिन ४ वर आधारलेला आहे. अशा खेळाची प्रगती शोधताना प्रथम ‘लोकल’ हा विभाग पाहणे सयुक्तिक ठरते. म्हणजेच खेळ कोणत्या इंजिनवर बनला आहे हे ठाऊक असल्यास शोधाचे क्षेत्र बरेच लहान होते.

मॅक ओएस आणि लिनक्स

मॅक ओएसमध्ये प्रोग्राम ‘ॲप्लिकेशन्स’मध्ये आणि खेळांची माहिती बहुधा वापरकर्त्याच्या ‘लायब्ररी/ॲप्लिकेशन सपोर्ट’मध्ये असते. २०११च्या १०.७ लायन आवृत्तीपासून हे ‘लायब्ररी’ फोल्डर मूळ मांडणीत लपवलेले असते.

लिनक्सवर स्टीमच्या फायली सहसा वापरकर्त्याच्या ‘.लोकल/शेअर/स्टीम’ येथे असतात. २०१८ साली आलेल्या प्रोटॉन या साधनामुळे विंडोजचे अनेक खेळ लिनक्सवर चालतात. प्रोटॉन प्रत्येक खेळासाठी ‘स्टीमॲप्स/कॉम्पॅटडेटा’मध्ये एक छोटे कृत्रिम विंडोज उभारतो आणि जतन-फायली बऱ्याचदा त्याच्याच आत राहतात. त्यामुळे जागा मोकळी करण्यासाठी हे फोल्डर सरसकट पुसल्यास प्रगतीही पुसली जाण्याचा धोका असतो.

देवनागरी नावांचा प्रश्न

विंडोजवर स्थानिक खाते उघडताना नाव देवनागरीत लिहिल्यास वापरकर्त्याच्या फोल्डराचे नावही देवनागरीत होते आणि ‘डॉक्युमेंट्स’ व ‘ॲपडेटा’ त्याच्याच आत येतात. युनिकोडचा नीट वापर करणाऱ्या खेळांना याची अडचण येत नाही. जुने अनेक खेळ मात्र युनिकोडपूर्व संकेत-तक्त्यांवर चालतात. विंडोजमध्ये मराठी व हिंदीसाठी असा जुना तक्ताच नाही. या भाषांना केवळ युनिकोडचाच आधार आहे. परिणामी अशा खेळाला देवनागरी अक्षरांच्या जागी प्रश्नचिन्हे मिळतात, मार्ग सापडत नाही आणि खेळ सुरू होत नाही किंवा प्रगती जतन करत नाही. खात्याचे दर्शनी नाव नंतर बदलले तरी फोल्डराचे मूळ नाव तेच राहते. रोमन नावाचे नवे खाते उघडून त्यातून खेळणे हा यावरचा सोपा उपाय आहे.

नावाची लांबी हाही याच प्रश्नाचा एक भाग आहे. यूटीएफ-८ पद्धतीत देवनागरीचे प्रत्येक संकेतचिन्ह ३ बाइट घेते. ‘पाचूबंदर’ या नावात काना, उकार व अनुस्वार धरून ८ संकेतचिन्हे आहेत. म्हणजे ते २४ बाइट घेते. हेच नाव रोमन लिपीत ११ अक्षरांत, म्हणून ११ बाइटांत बसते. लिनक्सच्या एक्स्ट४ रचनेत फाइलच्या नावाला २५५ बाइटांची मर्यादा असल्याने देवनागरी नाव ८५ संकेतचिन्हांपलीकडे जाऊ शकत नाही. विंडोजमध्ये मोजणी बाइटांत होत नसली, तरी जुन्या प्रोग्रामांसाठी संपूर्ण मार्गाला २६० चिन्हांची मर्यादा आहे.

जागा आणि स्थलांतर

डिस्कवर छापलेली क्षमता व विंडोजने दाखवलेली क्षमता यांत फरक दिसतो. उत्पादक १ जीबी म्हणजे १०० कोटी बाइट धरतात, तर विंडोज १०७,३७,४१,८२४ बाइट धरते. म्हणून ५०० जीबीची डिस्क सुमारे ४६५ जीबीची दिसते.

खेळ दुसऱ्या डिस्कवर नेण्यासाठी त्याचे फोल्डर उचलून ठेवणे पुरेसे नसते, कारण नोंद-फायली व रजिस्ट्रीत जुनाच मार्ग राहतो. स्टीममध्ये दुसऱ्या डिस्कवर नवे ग्रंथालय-फोल्डर जोडून स्थलांतराचा पर्याय वापरल्यास नोंदीही आपोआप बदलतात. अशी सोय नसलेल्या खेळांसाठी जंक्शन वापरतात: फायली नव्या जागी नेऊन जुन्या जागी त्यांच्याकडे बोट दाखवणारा दुवा ठेवला जातो आणि खेळाला फायली जुन्याच ठिकाणी असल्यासारख्या वाटतात.

बिघाड आणि प्रती

फाइल लिहिली जात असताना वीज गेल्यास ती अर्धवट राहू शकते. किनारी पट्ट्यात पावसाळ्यात ही शक्यता वाढते. जुलै २०१८ मधील अतिवृष्टीत वसई-विरार परिसर जलमय होऊन अनेक भागांतील वीजपुरवठा खंडित झाला होता. काळजीपूर्वक बनवलेले खेळ नवी नोंद आधी वेगळ्या फाइलमध्ये पूर्ण लिहितात आणि मगच तिला जुन्या फाइलचे नाव देतात. त्यामुळे मध्येच वीज गेली तरी जुनी नोंद शाबूत राहते. काही खेळ मागील नोंद ‘बॅक’ विस्ताराने ठेवतात. मुख्य फाइल बिघडल्यास त्या फाइलचे नाव बदलून प्रगती परत मिळवता येते.

मूळ फायली बिघडल्यास वितरण-सेवेतील तपासणीचा पर्याय प्रत्येक फाइल पडताळून केवळ सदोष भाग पुन्हा डाउनलोड करतो. जतन-फायलींना हा उपाय लागू पडत नाही. त्यांच्यासाठी क्लाउड-साठवणीची सोय अनेक खेळांत असते, परंतु ती प्रतीला पर्याय नाही: एका संगणकावरील बिघडलेली किंवा रिकामी फाइल क्लाउडवर जाऊन तेथील चांगल्या फाइलची जागा घेऊ शकते. दोन नोंदींत विसंगती आढळल्यास सेवा कोणती ठेवायची हे विचारते. तेव्हा दोहोंच्या तारखा पाहून निवड करणे आवश्यक असते. पेनड्राइव्हवर किंवा दुसऱ्या डिस्कवर तारीखवार ठेवलेली स्वतंत्र प्रत अधिक भरवशाची ठरते.

खेळ काढून टाकणे

खेळ काढण्यासाठी वितरण-सेवेतील किंवा विंडोजच्या सेटिंग्जमधील अनइन्स्टॉल हा पर्याय वापरला जातो. केवळ फोल्डर पुसल्यास नोंदी मागे राहतात. बहुतेक खेळ काढल्यावर जतन-फायली जागेवरच राहतात आणि खेळ पुन्हा बसवल्यास उपयोगी पडतात. मात्र ज्या खेळांची प्रगती मूळ फोल्डरातच असते, तेथे ती नष्ट होऊ शकते. तसेच विंडोजवर स्टीम हा प्रोग्राम काढल्यास त्याच्या फोल्डरातील ‘स्टीमॲप्स’ आणि त्यातील सर्व खेळही पुसले जातात. म्हणून ते फोल्डर आधी अन्यत्र हलवावे लागते.

हे सुद्धा पहा

फाइल प्रणाली
युनिकोड
संगणकीय खेळ
देवनागरी