चिमणीवरून पडद्यावर

दूरचित्रवाणीमुळे माणसे मोठी होतात, असा आपला सर्वसाधारण समज आहे. परंतु काही माणसे आपल्या कामात आधीच मुरलेली असतात. कॅमेरा त्यांच्यापर्यंत उशिरा पोहोचतो, एवढेच. इंग्लंडमधील फ्रेड डिब्ना हे अशांपैकी एक होत.

डिब्ना यांचा जन्म १९३८ साली लँकेशायरमधील बोल्टन येथे झाला. बोल्टन हे सूतगिरण्यांचे शहर. तेथील गिरण्यांच्या उंच चिमण्यांवर शिड्या बांधून चढणाऱ्या आणि त्यांची डागडुजी करणाऱ्या कारागिराला तिकडे 'स्टीपलजॅक' म्हणतात. या कारागिरांचे डिब्नांना बालपणापासून विलक्षण आकर्षण होते. शाळा सुटल्यावर ते सुतारकाम शिकले, पण मन चिमण्यांवरच. १९६० ते १९६२ ही दोन वर्षे सक्तीच्या लष्करी सेवेत, तीही जर्मनीतील भटारखान्यात, गेली. परत आल्यावर त्यांनी आवडीचाच धंदा धरला. आरंभी कामे बेताचीच मिळत. पुढे गावातील मुख्य चर्चच्या दुरुस्तीचे काम हाती आले आणि त्यांचे नाव झाले.

परंतु एव्हाना लँकेशायरचा कापडधंदा उतरणीला लागला होता. गिरण्या बंद पडत होत्या. चिमण्या दुरुस्त करण्याऐवजी पाडण्याचीच कामे वाढू लागली. डिब्ना ती जुन्या पद्धतीने, सुरुंग न लावता करीत. चिमणी ज्या बाजूला पाडायची त्या बाजूच्या तळाच्या विटा थोड्याथोड्या काढायच्या आणि मोकळ्या जागी लाकडी टेकू द्यायचे. मग टेकूंभोवती सरपण रचून जाळ करायचा. टेकू जळाले की चिमणी ठरल्या दिशेला कोसळे. अंदाज चुकला तर शेजारच्या घरांवर संकट आणि स्वतःच्या जिवाशी गाठ! ज्या चिमण्यांवर जीव जडला, त्याच पाडून पोट भरायचे, हा या आयुष्यातला विरोधाभास होता. चिमणी पाडण्यापेक्षा ती दुरुस्त करणेच त्यांना अधिक आवडे.

१९७८ साली ते बोल्टनच्या नगरभवनाची दुरुस्ती करीत असताना बीबीसीच्या प्रादेशिक वार्ताविभागाने त्यांचे चित्रीकरण केले. त्यातून डॉन हॅवर्थ यांनी 'फ्रेड डिब्ना, स्टीपलजॅक' हा माहितीपट तयार केला. १९७९ मध्ये तो प्रक्षेपित झाला आणि त्याला बाफ्टा पारितोषिक मिळाले. शेकडो फूट उंचीवर उभे राहून, डोक्यावर चपटी टोपी घातलेला हा चाळिशीचा कारागीर अस्सल बोल्टनी बोलीत गप्पा मारत होता. प्रेक्षकांना तो आपला वाटला. त्याने बोली बदलली नाही, टोपीही नाही.

पुढे डिब्ना यांनी जुनी यंत्रे व इमारती यांवर अनेक मालिका केल्या. २००४ साली त्यांना ब्रिटिश सरकारचा एम.बी.ई. हा किताब मिळाला आणि त्याच वर्षी ते निवर्तले. पडद्यावरील त्यांच्या सहजतेमागे दीड दशकाहून अधिक काळाची मेहनत होती. कॅमेऱ्याने त्यांना प्रसिद्धी दिली; सांगण्याजोगे जे होते, ते मात्र त्यांच्या हातांनी आधीच कमावले होते.