सहा अंडी आणि सहा सारखे वाटे

घरात माणसे सहा आणि टोपलीत अंडीही सहाच, अशी वेळ बहुतेक घरांत येत असते. अशा वेळी काय होते, हे सर्वांच्या परिचयाचे आहे. गृहिणी तवा तापवते व एकेक ऑम्लेट करू लागते. पहिले घरधन्याच्या ताटात पडते, पुढची मुलांच्या ताटांत. वाढत्या वयाच्या मुलाला एकाने भागत नाही, म्हणून त्याला दोन अंड्यांचे मिळते. शेवटी तव्यापाशी उभी असलेली आई आदल्या रात्रीच्या कालवणाशी भाकरी खाऊन उठते. तिच्या वाट्याचे अंडे कोणी हिरावून घेतलेले नसते. तिची पाळी येईपर्यंत ते उरलेले नसते, इतकेच.

आज आम्ही वाचक भगिनींना, आणि त्यांच्याबरोबर घरातील पुरुषमंडळींनाही, जो पदार्थ सांगणार आहोत त्याची मोठी खुबी हीच, की तो एकेकासाठी करता येत नाही. तो साऱ्या घराचा एकच होतो, कापून वाटला जातो, आणि सर्वांनी एकाच वेळी पानावर बसावे असाच त्याचा स्वभाव आहे. त्याचे नाव फ्रित्ताता.

फ्रित्ताता ही मूळची इटलीची. 'तळणे' या अर्थाच्या इटालियन क्रियापदावरून हे नाव आले आहे. पण खरे पाहता ती मंद आचेवर, झाकणाखाली सावकाश घट्ट होते. तिथल्या गृहिणी तीत कांदा, पालक, बटाटा, भोपळ्याच्या कुळातील झुकिनी, वसंत ऋतूत शतावरीच्या जातीचे कोवळे कोंब, असे जे हाती असेल ते घालतात. नेपल्स शहराकडे आदल्या दिवशीची शिल्लक मॅकरोनीसुद्धा अंड्यांत घालून तिची फ्रित्ताता करतात. थंड झाली तरी तिची चव जात नाही. म्हणून पुनरुत्थानाच्या रविवारनंतरच्या सोमवारी इटालियन कुटुंबे रानात किंवा शेतात सहभोजनास निघतात, तेव्हा शिदोरीत ती पुष्कळदा असते.

शुक्रवारशीही या पदार्थाचा चांगला मेळ बसतो. मध्ययुगात प्रायश्चित्तकाळात मांसाबरोबर अंडी व दूधदुभतेही वर्ज्य असे. कोंबड्यांना मात्र तो नियम ठाऊक नसल्यामुळे त्या अंडी घालीतच राहत, आणि साठलेल्या अंड्यांना ईस्टरच्या दिवशी मान मिळे. पुढे हा निर्बंध सैल होत गेला. १९६६ साली पोप सहावे पॉल यांनी प्रायश्चित्ताविषयीचे नियम नव्याने घालून दिले. त्यांत मांसत्यागाच्या दिवशी मांस वर्ज्य असले तरी अंडी व दुधाचे पदार्थ चालतात, हे स्पष्ट केलेले आहे. त्यामुळे शुक्रवारच्या जेवणात भाजीची फ्रित्ताता निःशंकपणे करावी.

थोड्या अंड्यांत पुष्कळ माणसे जेवू घालण्याची ही विद्या केवळ इटलीची नाही. शेजारच्या स्पेन देशात बटाटे घालून असाच जाड पदार्थ करतात. त्याला ते तोर्तिया म्हणतात. उत्तर स्पेनमधील नावारा प्रांताच्या सभेपुढे १८१७ साली शेतकऱ्यांच्या हलाखीविषयी एक निनावी निवेदन ठेवण्यात आले होते. दोन-तीन अंड्यांत बटाटे व पावाचा चुरा मिसळून तेथील बायका पाच-सहा माणसांपुरता पदार्थ करतात, असे त्यात सांगितले आहे. गरिबीतून निघालेली ही युक्ती पुढे सबंध देशाच्या आवडीची झाली.

साहित्य

सहा माणसांकरिता अंडी ६, मध्यम आकाराचे कांदे २, कोवळा दुधी पाव किलो, पालक किंवा लाल माठ यांची लहान जुडी १, टोमॅटो १, हिरव्या मिरच्या १ किंवा २, थोडी कोथिंबीर, मिरपूड अर्धा चहाचा चमचा, मीठ बेताचे, तेल ३ मोठे चमचे. इटलीत पार्मेझान नावाचे जुने, कठीण चीज किसून घालतात. आपल्या घरी चीज असल्यास दोन मोठे चमचे घालावे. नसल्यास काही अडत नाही.

मापाचे सूत्र सोपे आहे. सहा अंड्यांचा बलक व पांढरे मिळून सुमारे ३०० ग्रॅम भरते. भाजी शिजून आटल्यावर तिचेही वजन तेवढेच असावे. त्याहून भाजी अधिक झाली तर अंडे तिला धरून ठेवू शकत नाही आणि कापताना वाटे मोडतात. दुधीऐवजी उकडलेला बटाटा, फरसबी, कोबी किंवा आदल्या दिवशीची सुकी भाजीही चालेल. रस्सा मात्र चालणार नाही.

तवा बिडाचा किंवा जाड बुडाचा, सुमारे ९ इंच रुंद व दीड-दोन इंच खोल घ्यावा. त्यावर घट्ट बसेल असे झाकण, आणि तव्याहून थोडी मोठी अशी एक सपाट थाळी जवळ असू द्यावी.

कृती

प्रथम दुधीचा एक लहान तुकडा जिभेला लावून पाहावा. कडू लागला तर तो दुधी टाकूनच द्यावा, कारण कडू दुधी विषारी असतो व शिजवल्याने त्याचे विष जात नाही. गोड असल्यास साल काढून किसावा, अर्धा चमचा मीठ चोळून दहा मिनिटे ठेवावा आणि मुठीत दाबून पाणी काढून टाकावे. हे पाणी फेकू नये. चपातीची कणीक त्यात मळावी व कणकेत वेगळे मीठ घालू नये.

तव्यात दोन चमचे तेल घालून पातळ चिरलेला कांदा मऊ होईपर्यंत परतावा. त्यात मिरची, दुधी, मग चिरलेली पालेभाजी आणि शेवटी बिया काढलेला टोमॅटो घालावा. झाकण न ठेवता परतत राहावे. तव्याच्या बुडाशी पाणी दिसेनासे झाले म्हणजे भाजी तयार झाली. ती परातीत पसरून निवू द्यावी. बहुतेकांची फ्रित्ताता बिघडते ती याच दोन कारणांनी. भाजी ओली राहिली तर वाटे पाणचट होतात, आणि गरम भाजी अंड्यांत घातली तर अंडे भांड्यातच गुठळून जाते.

अंडी ताजी आहेत की नाहीत, हे पाण्यात पाहावे. ताजे अंडे तळाशी आडवे पडते, काही दिवसांचे उभे राहते व तरंगणारे टाकून द्यावयाचे असते. तरीही प्रत्येक अंडे आधी वाटीत फोडावे व मगच मोठ्या भांड्यात ओतावे, म्हणजे एका नासक्या अंड्यापायी पाच चांगली वाया जाणार नाहीत. ती काट्याने हलके कालवावीत. आपल्याकडे ऑम्लेटसाठी अंडी फेस येईपर्यंत फेटण्याची रीत आहे. फ्रित्तातेला ते मानवत नाही. पेल्लेग्रीनो आर्तूझी या निवृत्त व्यापाऱ्याने १८९१ साली फ्लॉरेन्समध्ये जे पाकशास्त्राचे पुस्तक स्वखर्चाने छापले, व जे इटालियन घराघरांत पोहोचले, त्यातही हाच सल्ला आहे. पांढरे व बलक एकजीव झाले की हात थांबवावा, असे त्याचे सांगणे आहे.

आता अंड्यांत निवलेली भाजी, कोथिंबीर, मिरपूड, चीज व पाव चमचा मीठ मिसळावे. तवा पुसून उरलेले तेल त्यात घालावे व ते कडांपर्यंत फिरवावे. तेल तापले की मिश्रण ओतावे. पहिले एक मिनिट आच मध्यम ठेवून उलथन्याने मिश्रण कडेकडून मध्याकडे हलके सारावे. मग आच अगदी मंद करून झाकण ठेवावे व दहा-बारा मिनिटे तव्याला हात लावू नये.

इतका वेळ कशासाठी, असे कोणी विचारील. अंड्यातील प्रथिने ६० ते ७० अंशांच्या आसपास एकमेकांत गुंफली जाऊन घट्ट होऊ लागतात व त्यांच्या जाळ्यात पाणी धरले जाते. आच तीव्र असली तर ते जाळे आवळते, धरलेले पाणी पिळून बाहेर टाकते, आणि पदार्थ चिवट होऊन वर पाणी सुटते. मंद आचेवर जाळे सैल राहते व वाटा मऊ होतो.

कडा सुटल्या आणि मधला भाग किंचित थरथरत राहिला, म्हणजे उलटण्याची वेळ आली. तव्यावर थाळी पालथी ठेवावी, फडक्याने दोन्ही घट्ट धरून एका झटक्यात उलटावे व फ्रित्ताता थाळीवरून पुन्हा तव्यात सरकवावी. इटालियन भाषेत 'फ्रित्ताता झाली' म्हणजे आता झाले ते भरून निघणारे नाही, आणि 'फ्रित्ताता उलटणे' म्हणजे वादात विषय आपल्या सोयीचा फिरवणे. या दोन्ही म्हणींवरून तिथल्या स्वयंपाकघरात या क्षणाला किती महत्त्व आहे, हे दिसते. ज्यांना धीर होत नाही त्यांच्यासाठी आपल्याच परंपरेत उपाय आहे. गोव्यात बेबिंकेचे थर भाजताना झाकणावर निखारे ठेवून वरून धग देतात. चुलीवर स्वयंपाक होत असल्यास तसेच करावे. झाकण मात्र धातूचे हवे. उलटण्याची गरजच उरत नाही.

दुसरी बाजू तीन मिनिटांत होते. मधोमध सुरी खुपसून पाहावी. ओले अंडे तिला लागता कामा नये. अर्धकच्च्या अंड्यातून सालमोनेला नावाच्या जंतूंची बाधा होऊ शकते, म्हणून लहान मुले, वृद्ध व गरोदर स्त्रिया यांच्यासाठी ही काळजी विशेष घ्यावी. पाच मिनिटे निवू देऊन मग केकसारखे सहा त्रिकोणी वाटे कापावेत. चपाती, पाव, भाकरी यांपैकी कशाबरोबरही ती चांगली लागते. इटलीतल्याप्रमाणे ती थंड खाता येते हे खरे. परंतु आपल्याकडील उन्हाळ्यात तासाभराहून अधिक वेळ उघड्यावर राहिलेली फ्रित्ताता खाऊ नये. शीतकपाटात ती तीन दिवस टिकते.

वाट्यांची गोष्ट

एका अंड्यातून सुमारे ६ ग्रॅम प्रथिने मिळतात. 'क' जीवनसत्त्व मात्र अंड्यात मुळीच नसते आणि त्यातील लोह शरीर फारसे शोषून घेत नाही. ही उणीव भाजी व लिंबू काही अंशी भरून काढतात. 'क' जीवनसत्त्वामुळे पालेभाजीतील लोह अधिक अंगी लागते; म्हणून वाटा पानावर आल्यावर त्यावर लिंबू पिळावे. जेवणावर लगेच चहा घेतल्यास मात्र लोह अडते. तो तासाभराने घ्यावा.

लोहाविषयी आम्ही मुद्दाम लिहीत आहोत. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वर्षे वयाच्या १०० स्त्रियांपैकी ५७ जणींच्या रक्तात हिमोग्लोबिन कमी आढळले. त्याच वयाच्या पुरुषांत हे प्रमाण १०० त २५ होते. या अंतराची कारणे अनेक आहेत. मासिक पाळी व बाळंतपणे ही त्यांतील मोठी. एका फ्रित्तातेने रक्तक्षय बरा होतो असे आम्ही मुळीच म्हणत नाही. ज्यांना थकवा, धाप किंवा चक्कर जाणवते त्यांनी दवाखान्यात जाऊन रक्त तपासून घ्यावे. परंतु जिची झीज अधिक, तिच्याच ताटात वाढप शेवटी, ही रीत कोणत्याही हिशेबाने योग्य ठरत नाही. आणि ही रीत बहुधा आईच मुलीला शिकवते. भावाला दोन अंडी व आपल्याला अर्धे, हे पाहत वाढलेली मुलगी उद्या आपल्या घरी तेच करते. तिला त्याग शिकवावा, पण तो तिच्या भावालाही तितकाच शिकवावा.

म्हणून या पदार्थाच्या बाबतीत एक नियम प्रत्येक घराने पाळून पाहावा, असे आम्ही सुचवतो. सुरी आळीपाळीने मुलांच्या हाती द्यावी. ज्याने कापायचे, त्याने आपला वाटा सर्वांच्या मागून उचलावा. सहा वाटे किती काळजीपूर्वक सारखे पडतात, ते मग पाहावे.