पुल्ड पोर्क: गैरसमज आणि वस्तुस्थिती

अमेरिकेच्या दक्षिणेत, विशेषतः नॉर्थ आणि साउथ कॅरोलायनात, डुकराचं मांस निखाऱ्यांवर तासन्‌तास भाजायचं, मग त्याचे धागे सोडवून पावात भरायचे, ही पुल्ड पोर्कची जुनी रीत आहे. घरात निखारे नसतात, पण स्लो कुकर, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास शिजवणारं विजेचं भांडं, असू शकतं. अर्विंग नॅक्सन यांना अशा भांड्याचं पेटंट १९४० मध्ये मिळालं आणि १९७१ मध्ये ते ‘क्रॉक-पॉट’ या नावानं बाजारात आलं. निखाऱ्यांचा धुरकट वास त्यातून येणार नाही. मऊपणा मात्र पुरेपूर येतो, फक्त काही गैरसमज आधी बाजूला ठेवायला हवेत.

गैरसमज: कमी चरबीचं, महाग मांस घेतलं की पदार्थ चांगला होतो.
वस्तुस्थिती: पाठीचं कोवळं, चरबी नसलेलं मांस इतका वेळ शिजवलं तर कोरडं पडतं. इथे हवा तो खांदा, म्हणजे पुढच्या पायाचा वरचा भाग. जनावर चालताना हे स्नायू सतत राबतात, म्हणून त्यांत कोलॅजेन भरपूर असतं. कच्चं असताना चिवट लागणारं हेच कोलॅजेन मंद आचेवर विरघळून त्याचं जिलेटिन होतं आणि मांसाला मऊ, रसदार करतं.

गैरसमज: मांस शिजलं की आपोआप सुटतं.
वस्तुस्थिती: अमेरिकेच्या कृषी खात्यानुसार अख्खा तुकडा आतून ६३ अंश सेल्सिअसला पोहोचला आणि तीन मिनिटं तसाच ठेवला, की खायला सुरक्षित होतो. पण तेव्हा तो सुरीनं कापावा लागतो. धागे सुटण्यासाठी आतलं तापमान साधारण ९३ ते ९६ अंशांवर जावं लागतं. आठ तासांनंतरही मांस घट्ट लागलं तर ते बिघडलेलं नसतं, त्याला आणखी वेळ हवा असतो.

गैरसमज: आधी तव्यावर लाल केलं की रस आत कोंडला जातो.
वस्तुस्थिती: एकोणिसाव्या शतकात रसायनशास्त्रज्ञ युस्टुस फॉन लीबिग यांनी ही कल्पना पसरवली, पण ती खरी नाही. परतलेल्या मांसातूनही रस बाहेर येतोच. तरीही जरूर परता, कारण खरपूस चव ओलसर वाफेत तयार होत नाही.

गैरसमज: मांस बुडेल इतकं पाणी हवं.
वस्तुस्थिती: झाकणामुळे वाफ फारशी बाहेर जात नाही आणि मांस स्वतःच भरपूर रस सोडतं. दोन किलोला एक कप पाणी किंवा व्हिनेगर घातलेला रस पुरतो. जास्त पाण्यात चव फिकी पडते.

गैरसमज: गोठलेला तुकडा थेट टाकला तरी चालतो, अधूनमधून ढवळलं की झालं.
वस्तुस्थिती: जिवाणू ४ ते ६० अंशांच्या टप्प्यात झपाट्यानं वाढतात. गोठलेलं मांस त्या टप्प्यात फार वेळ अडकतं, म्हणून त्यातला बर्फ आधी फ्रिजमध्ये पूर्ण वितळू द्या. झाकण दर वेळी उघडलं की साठलेली उष्णता निघून जाते आणि शिजायला आणखी वेळ लागतो.

गैरसमज: डुकराचं मांस खाल्लं की मेंदूत जंत होतात.
वस्तुस्थिती: ही भीती आपल्याकडे घट्ट बसली आहे. कच्चट, बाधित मांसातून जंत होतो तो आतड्यात. मेंदूतला आजार होतो जंताची अंडी पोटात गेल्यानं. ती जंत असलेल्या माणसाच्या विष्ठेतून पाण्यात, भाज्यांवर, हातांवर पोहोचतात, म्हणून हा आजार शाकाहारी माणसालाही होतो. त्यापासून वाचवतात ते शौचालय, हात धुणं, स्वच्छ पाणी आणि नीट शिजवलेलं अन्न. ९३ अंशांवर शिजलेल्या मांसात जंताची अळी जिवंत राहत नाही.

मांस तयार झालं की दोन काट्यांनी धागे सोडवा. उरलेल्या रसावरची चरबी काढा, रस आटवा आणि थोडा परत मिसळा. पूर्व नॉर्थ कॅरोलायनात वर व्हिनेगर आणि तिखटाचा पातळ सॉस घालतात, साउथ कॅरोलायनाच्या काही भागांत मोहरीचा. सोबत कोबीचं कोलस्लॉ आणि मऊ बन. उरलेलं मांस दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा. आणि कृतीत लिहिलेले तास हा अंदाज समजा: काटा खुपसून फिरवल्यावर मांस सहज सुटलं, तेव्हाच ते झालं.