गाभाऱ्याकडे नेणारी चित्रे : अजिंठ्याचे सतरावे लेणे

अजिंठ्याची चित्रे पुस्तकांत आणि कॅलेंडरांवर इतकी पाहिलेली असतात, की ती मुळात एका उपासनास्थळाच्या भिंतींवर आहेत हेच विसरायला होते. सतराव्या लेण्यात ते विसरता येत नाही.

पाचव्या शतकाच्या उत्तरार्धात वाकाटक सम्राट हरिषेणाच्या एका मांडलिक राजाने हा विहार कोरवून घेतला. ओसरीतला शिलालेख सांगतो की त्याचा धाकटा भाऊ रविसांब वारला, थोरल्याला सारेच अनित्य वाटू लागले आणि त्याने पुण्यकर्माची वाट धरली. हा शोक माहीत असला की भिंती वेगळ्या दिसतात.

ओसरीत जन्ममरणाचे भवचक्र आहे, दारावर ओळीने बसलेले आठ बुद्ध. आत मंडपात जातककथा. दानाच्या व्रतापायी स्वतःची मुलेसुद्धा देऊन टाकणारा विश्वंतर इथे भेटतो. राजवाडे, बाजार, हत्ती, शृंगार, सगळा संसार या भिंतींवर दाटला आहे. मग अंतराळात, म्हणजे गाभाऱ्यापुढच्या दालनात, गर्भगृहाच्या दाराशेजारी, भिक्षापात्र घेतलेला प्रचंड बुद्ध आणि त्याच्यापुढे इवलेसे दिसणारे त्याची पत्नी यशोधरा आणि मुलगा राहुल. सोडून गेलेला बाप आणि त्याच्याकडे मान वर करून पाहणारा मुलगा! अजिंठ्यातले हे सर्वश्रेष्ठ चित्र, असे मला वाटते. त्याच्या पलीकडे गाभाऱ्यात दगडातली बुद्धमूर्ती, आणि तिथे गोष्टी संपतात.

कारागिरीही दगडाशी जोडलेली. छिन्नीने खरबरीत राहिलेल्या कातळावर माती, भाताचे तूस आणि गवताचे तंतू कालवून गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात, तो वाळला की डिंक-सरसात कालवलेले रंग. गेरू, पिवळी माती, काजळी. निळा लाजवर्द मात्र थेट अफगाणिस्तानातून आलेला.

या चित्रांच्या नकला करण्याचे आणि ती टिकवण्याचे प्रयत्नही झाले. ब्रिटिश लष्करी अधिकारी आणि चित्रकार रॉबर्ट गिलने वर्षानुवर्षे खपून केलेल्या बहुतेक प्रतिकृती १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या. १९२० च्या सुमारास निजामाने बोलावलेल्या इटालियन तज्ज्ञांनी सुटणारा गिलावा पक्का केला, पण त्यांचे लाखेचे रोगण पुढे पिवळे पडले. मूळ भिंतीला पर्याय नाही.

अजिंठ्याला गेलात तर पहिल्या लेण्यातल्या प्रसिद्ध पद्मपाणीचा फोटो काढून परतू नका. सतराव्यात ओसरीपासून सुरुवात करा, डोळे अंधाराला सरावू द्या आणि भिंतींच्या क्रमानेच गाभाऱ्यापर्यंत जा.